आकातेनांगोवरची एक रात्र : वारंवार विचारले जाणारे प्रश्न

ग्वाटेमालातला आकातेनांगो चढायचा, वर तंबूत रात्र काढायची आणि समोरचा फुएगो आग ओकताना बघायचा. या ट्रेकबद्दल मला सतत विचारणा होते. बहुतेकांना आगीची धास्ती असते, थंडीबद्दल क्वचितच कुणी विचारतं. खरं तर त्या रात्री आग तीन किलोमीटर लांब असते आणि थंडी आपल्या अंगावर. म्हणून खाली थंडीचं उत्तर सगळ्यात लांब झालंय. बाकी काही गाळलंत तरी चालेल, तेवढं मात्र वाचा.

आकातेनांगो आणि फुएगो हे दोन वेगळे डोंगर आहेत का? आपण चढतो कोणता?

चढतो आकातेनांगो, बघतो फुएगो. आकातेनांगोची उंची ३,९७६ मीटर. ताहुमुल्को आणि ताकाना यांच्या खालोखाल ग्वाटेमालातला हा तिसरा उंच डोंगर. फुएगो त्याच्या दक्षिणेला, साधारण दोनशे मीटरने बुटका. दोघांच्या मधे एक खिंड आहे, तिला ला ओर्केता म्हणतात.

हे दोघे एकाच कुटुंबातले. प्रशांत महासागराखालचं कोकोस भूपट्ट कॅरिबियन भूपट्टाखाली सरकतं आणि त्यातून तयार होणारा शिलारस इथे वर येतो. वर्षानुवर्षं त्याची तोंडं उत्तरेकडून दक्षिणेकडे, म्हणजे समुद्राच्या बाजूला सरकत गेली. त्यामुळे उत्तरेकडची शिखरं जुनी आणि शांत, तर दक्षिण टोकाचा फुएगो सगळ्यात तरणा आणि धगधगता. आकातेनांगो पूर्ण विझलेला मात्र नाही. १९२४ ते १९२७ या काळात तो जागा झाला होता, आणि शेवटचा उद्रेक १९७२ सालचा. माथ्यावर काही ठिकाणी जमीन हाताला कोमट लागते.

‘फुएगो’ हा स्पॅनिश शब्द, अर्थ आग. स्पॅनिश लोक यायच्या आधीपासून इथले कक्चिकेल माया लोक त्याला ‘चि काक’ म्हणत आलेत. त्याचा अर्थही आगीची जागा असाच.

फुएगोचा उद्रेक नक्की दिसेल ना?

नक्की कुणीच सांगू शकत नाही. जो सांगतो त्याच्याकडे बुकिंग करू नका.

२००२ पासून फुएगो जवळपास सतत धुमसतोय. नेहमीच्या दिवसांत तासाला चार-पाच ते दहा-बारा स्फोट होतात, म्हणजे संध्याकाळी तळावर, वरच्या तंबूंच्या मुक्कामी, बसलात की दर दहा-पंधरा मिनिटांनी काहीतरी घडतं. पण मोठा उद्रेक होऊन गेल्यावर कधी कधी तो आठवडेच्या आठवडे गप्प बसतो. शिवाय ढग. फुएगो समोर गरजत असतो आणि तुम्हाला दिसते फक्त पांढरी भिंत. अशा रात्री आवाजावर समाधान मानावं लागतं.

दिवसा दिसतो तो राखेचा करडा लोट. अंधार पडला की त्याच लोटाच्या बुडाशी लाल दगड उडताना दिसतात, मग ते उतारावरून गडगडत खाली येतात आणि क्षणभर अख्ख्या शंकूवर निखारे पसरतात. लोक याला सरसकट लाव्हा म्हणतात, पण बहुतेक वेळा आपण बघतो ते तापून लाल झालेले दगड. त्यातले काही मोटारीएवढेही असतात.

एक गोष्ट जरूर करून बघा. लाल ठिणगी दिसली की आकडे मोजायला लागा. तळापासून फुएगोचं तोंड साधारण तीन किलोमीटरवर आहे आणि आवाजाला एक किलोमीटर कापायला सुमारे तीन सेकंद लागतात. आधी मुकाट आग वर जाते, आणि नऊच्या आसपास पोचलात की तो दणका छातीत बसतो. मधल्या नऊ सेकंदांत तळावर कुणी बोलत नाही. त्या शांततेसाठी मी पुन्हा इतकं चढेन.

ट्रेक किती अवघड आहे?

अवघड आहे. चढाईचं तंत्र इथे लागत नाही, दोर नाही की कातळारोहण नाही, पण दम लागतो.

सुरुवात ला सोलेदाद गावापासून, साधारण २,४०० मीटरवरून. तळ ३,६०० मीटरच्या आसपास. म्हणजे पाठीवर सॅक घेऊन एका दिवसात बाराशे मीटरचा चढ, आणि अंतर सहा-सात किलोमीटर. बहुतेकांना चार ते सहा तास लागतात. दुसऱ्या दिवशी पहाटे माथ्यापर्यंत आणखी पावणेचारशे मीटर, आणि मग सगळाच्या सगळा उतार एका दमात.

पहिला तास-दीड तास सगळ्यात त्रासाचा. मका आणि फुलांच्या शेतांमधून वाट सरळ वर जाते आणि पायाखाली सुटी काळी ज्वालामुखी माती असते. ऊनही तिथेच लागतं. खूपजण तिथेच मनातून खचतात, कारण त्यांना वाटतं की पुढचे पाच तास असेच जाणार. तसं नाही. शेतं संपली की ढगांचं जंगल लागतं. दाट, ओलसर, झाडांवर शेवाळ लोंबतंय, वाटही बरी. त्याच्या वर पाइनची विरळ झाडी. शेवटचा तासभर वाट डोंगराला वळसा घालत बऱ्यापैकी सपाटीवरून जाते. तेव्हा पहिल्या टप्प्यात जोर करू नका. आपला ठेका धरून चाला, बोलता बोलता धाप लागली की वेग कमी करा. पुढे गेलेल्यांना गाठायला जाणारे पाइनच्या झाडीत बसलेले भेटतात.

तयारी किती आधीपासून करू?

नियमित चालणाऱ्याला दोन महिने पुरतात. आठवड्यातून तीन-चार दिवस जिने चढा-उतरा, तेही सात-आठ किलोंची सॅक पाठीवर घेऊन. पळण्याचा फायदा होतो, पण जिन्यांइतका नाही. आणि चढण्याएवढाच उतरण्याचा सराव करा. या ट्रेकमध्ये दमछाक पहिल्या दिवशी होते, गुडघे मात्र दुसऱ्या दिवशी बोलतात.

उंचीचा त्रास होईल का?

होऊ शकतो, आणि ज्याचा व्यायाम उत्तम त्यालाही होऊ शकतो. तळावर हवेचा दाब समुद्रसपाटीच्या दोन तृतीयांशाहून थोडा कमी असतो आणि माथ्यावर तो आणखी उतरतो. प्रत्येक श्वासात तेवढा प्राणवायू कमी.

आंतिग्वा शहर, जिथून बहुतेक सगळे निघतात, ते फक्त १,५३० मीटरवर आहे. तिथे चार दिवस राहून उंचीची सवय झाली असं समजू नका. आतित्लान सरोवराचंही तेच, त्याचा काठ जवळपास तेवढ्याच उंचीवर. हातात दिवस असतील तर दोन-तीन रात्री केत्साल्तेनांगोला काढा. सगळे त्या शहराला शेला म्हणतात. ते २,३३० मीटरवर आहे, थंड आहे, आणि तिथून आलेल्यांना आकातेनांगो नक्कीच सोपा जातो असा माझा अनुभव आहे.

डोकं जड होणं, भूक मरणं, मळमळ, झोप न लागणं ही सौम्य त्रासाची लक्षणं. पाणी पिऊन, थोडं खाऊन, शांत बसून बरं वाटलं तर ठीक. डोकेदुखी वाढत गेली, उलट्या थांबेनात, चालताना तोल जायला लागला, बोलणं असंबद्ध झालं किंवा बसल्या जागी धाप लागली, तर सकाळची वाट बघत बसायचं नाही. खाली उतरायचं, रात्रीचे दोन वाजले असले तरी. औषधाने वेळ मिळेल, पण उपाय उतरणं हाच.

उंचीच्या त्रासावरच्या अ‍ॅसिटाझोलामाइडच्या गोळ्यांबद्दल निघण्याआधीच डॉक्टरांशी बोला, विशेषतः सल्फा औषधांची अ‍ॅलर्जी असेल तर. तंबूतल्या सोबत्याने दिली म्हणून घेऊ नका. झोपेच्या गोळ्या आणि दारू दोन्ही त्या रात्री वर्ज्य.

थंडी खरंच एवढी असते का? ग्वाटेमाला तर उष्ण प्रदेशात आहे.

हाच गैरसमज लोकांना महागात पडतो. दुपारी आंतिग्वात अर्ध्या बाहीचा शर्ट पुरतो. त्याच रात्री तळावर पारा शून्याच्या आसपास असतो आणि पहाटे माथ्यावर शून्याच्या खाली. त्यात वारा. डिसेंबर ते फेब्रुवारी या काळात उत्तरेकडून येणारा वारा कधी इतका जोराचा असतो की माथ्यावर उभं राहता येत नाही. पाऱ्यावरचा आकडा आणि त्या वाऱ्यात अंगाला जाणवणारी थंडी यांत फार मोठं अंतर असतं.

२०१७ च्या जानेवारीच्या सुरुवातीला आकातेनांगोवर सहा जण दगावले. आगीने नाही, राखेने नाही, थंडीने. फुएगोचं नाव काढलं की सगळ्यांचे डोळे मोठे होतात. या सहा जणांबद्दल कुणी बोलत नाही, म्हणून मी दरवेळी बोलते.

माझंही सांगते. पहिल्यांदा गेले तेव्हा तळावर साडेतीनला पोचले. ऊन होतं. समोर फुएगोने पहिला लोट सोडला आणि मी तशीच, घामाने भिजलेल्या कपड्यांत, तासभर तिथे बसून राहिले. सूर्य आकातेनांगोच्या मागे गेला आणि पाच मिनिटांत हवा बदलली. मग मी त्याच ओल्या बनियनवर एकावर एक तीन कपडे चढवले. रात्री अकराला दात वाजायला लागले, थांबेचनात. गाईड फेरी मारायला आला, त्याने काही न विचारता माझ्या मानेमागे हात घातला, ओलावा लागला आणि त्याने मला आधी सगळं काढून कोरडं घालायला लावलं. मग गरम पाण्याची बाटली दिली. वीस मिनिटांत कापरं थांबलं. अंगावर कपडे कमी नव्हते, सगळ्यात आतला कपडा ओला होता.

म्हणून क्रम लक्षात ठेवा. तळावर पोचल्यावर दहा मिनिटांच्या आत, फोटो काढायच्या आधी, अंगातला घामेजलेला कपडा बदला. मोजेसुद्धा. झोपायचा जोड वेगळ्या प्लॅस्टिकच्या पिशवीत घट्ट बांधून ठेवा आणि वाटेत काहीही झालं तरी तो घालू नका. सुती कपडा अंगाला लागून नको. तो घाम धरून ठेवतो आणि रात्रभर गारवा देतो. आतून लोकर किंवा घाम सुकवणारं कृत्रिम कापड, त्यावर फ्लीस, त्यावर डाऊन (पिसं भरलेलं) जॅकेट, आणि सगळ्यावर वारा अडवणारं काहीतरी. कानटोपी, दोन जोड हातमोजे, मान झाकणारा बफ.

झोपण्याआधी पोटभर खा, शरीराला उष्णतेसाठी इंधन लागतं. बाटलीत गरम पाणी भरून, झाकण तपासून, मोज्यात घालून स्लीपिंग बॅगमध्ये मांड्यांजवळ ठेवा. कॅरिमॅटला, म्हणजे बॅगेखाली अंथरायच्या पातळ चटईला, कमी लेखू नका, खालची जमीन हवेपेक्षा जास्त उष्णता ओढून घेते. लघवीला लागली तर उठा आणि जाऊन या. बाहेर जायच्या कंटाळ्याने तासन्‌तास अडवून धरलं तर झोप लागत नाही आणि झोप नाही तर पहाटेचा चढ अंगावर येतो. शेकोटीजवळ बसायला छान वाटतं, पण पुढून भाजतं आणि पाठ गारठते. तिथून उठून थेट गार बॅगेत शिरण्यापेक्षा आधी थोडे हातपाय हलवा.

शेजाऱ्याकडेही लक्ष असू द्या. कापरं भरणं ही पहिली खूण. बोलताना जीभ जड होणं, हातातल्या वस्तू पडणं, अडखळणं ही पुढची. आणि कापरं अचानक थांबलं, पण माणूस गप्प आणि सुस्त झाला, तर तो बरा झालेला नाही, परिस्थिती बिघडलेली आहे. लगेच गाईडला उठवा.

तळावर मिळणारी स्लीपिंग बॅग आणि जॅकेट पुरेसं असतं का?

बऱ्याच आयोजकांचे तंबू किंवा लाकडी खोल्या वर कायमच्या उभ्या असतात. गाद्या आणि स्लीपिंग बॅगा तिथेच असतात, त्यामुळे त्या वाहाव्या लागत नाहीत. जॅकेट, टोपी, हातमोजे बहुधा खालीच, निघायच्या आधी भाड्याने किंवा मोफत मिळतात. दर्जा मात्र सारखा नसतो. जॅकेट घेताना चेन लावून बघा, आत हात घालून ते ओलसर नाही ना हे बघा, आणि मिळतंय म्हणून दोन घ्या. स्लीपिंग बॅगच्या आत घालायचं पातळ अस्तर स्वतःचं न्या. स्वच्छताही राहते आणि ऊबही वाढते.

फुएगोचा मोठा उद्रेक झाला तर आपण तिथे अडकू का?

३ जून २०१८ ला काय झालं हे माहीत असायला हवं. त्या दिवशी फुएगोवरून तप्त वायू, राख आणि दगडांचा लोंढा लास लाहास या घळीतून खाली आला आणि सान मिगेल लोस लोतेस हे गाव त्याखाली गाडलं गेलं. मृत आणि बेपत्ता मिळून शेकडो माणसं गेली. ती पर्यटक नव्हती, तिथे घर असलेली, रविवारच्या दिवशी जेवायला बसलेली माणसं होती. समोरच्या आगीला टाळ्या वाजवताना हे विसरू नये असं मला मनापासून वाटतं.

असे लोंढे गुरुत्वाकर्षणाने घळींतून खाली धावतात. आकातेनांगोवरचा तळ खिंडीच्या पलीकडे, वेगळ्या डोंगरावर आणि उंचीवर आहे, म्हणून तिथून बघणं फुएगोच्या पायथ्याशी असण्यापेक्षा कितीतरी सुरक्षित. तरीही धोका शून्य नाही. वारा फिरला तर तळावर राख पडते, आणि उद्रेक वाढला तर ट्रेक बंद होतो किंवा लोकांना खाली आणलं जातं. २०२५ च्या मार्चमध्येही मोठ्या उद्रेकामुळे पायथ्याच्या वस्त्यांतल्या लोकांना हलवावं लागलं.

फुएगोवर लक्ष ठेवतं इन्सिवुमेह, ही सरकारी संस्था भूकंप, ज्वालामुखी आणि हवामान तिन्ही बघते. लोकांना हलवायचं का, वाटा बंद करायच्या का, हे कोनरेद ही आपत्ती निवारण यंत्रणा ठरवते. निघायच्या आदल्या दिवशी दोघांची ताजी पत्रकं वाचा. स्पॅनिशमध्ये असतात, पण फोनवर भाषांतर होतं.

फुएगोच्या धारेवर जायचा जादा ट्रेक करावा का?

तळावर पोचल्यावर गाईड विचारतात. जादा पैसे भरून ला ओर्केता खिंडीत उतरायचं आणि पलीकडे फुएगोच्या धारेवर चढायचं. तिथून स्फोट अगदी जवळून दिसतात. जाऊन-येऊन चार-पाच तास, परत यायला अंधार, आणि परतताना खिंडीतून तळापर्यंत पुन्हा चढ. सुट्या राखेच्या घसाऱ्यावर एक पाऊल वर टाकलं की अर्धं मागे येतं.

माझं मत स्पष्ट आहे. तोंडाच्या जवळ जाऊ नका. फुएगो तापलेले दगड सर्व बाजूंना फेकतो आणि त्यातला पुढचा कुठे पडेल हे कुठल्याच गाईडला ठाऊक नसतं. कोनरेदने तोंडाजवळ न जाण्याचा इशारा पुन्हा पुन्हा दिलेला आहे. ही वाट बंद असेल तर बंदच समजा, ‘आम्ही नेतो’ म्हणणाऱ्याबरोबर जाऊ नका. उघडी असली तरी अंगात त्राण असेल, हवा स्वच्छ असेल आणि गाईड जिथे थांबवेल तिथे थांबायची तयारी असेल तरच जा. तळावरून जे दिसतं ते पुरेसं आहे. मी गेलेले नाही, आणि काही राहून गेलं असं कधी वाटलं नाही.

गाईड घ्यावाच लागतो का? कसा निवडायचा?

घ्या. वाट दिवसा सापडेल, पण धुक्यात आणि रात्री फाटे फुटतात. आणि वर सांगितलं तसं, मानेमागे हात घालून बघणारं कुणीतरी तिथे हवं.

ला सोलेदादमधले बरेच गाईड याच डोंगराखाली वाढलेले आहेत. घरचे अजून शेती करतात. बुकिंग करताना दर विचारण्याआधी हे विचारा : एका गाईडमागे किती माणसं? कुणाला त्रास झाला तर त्याला घेऊन खाली उतरायला दुसरा गाईड असतो का? प्रथमोपचाराचं साहित्य आणि वॉकी-टॉकी आहे का? हवा बिघडली तर तुम्ही ट्रेक रद्द करता का, आणि पैशांचं काय होतं? गाईडकडे ग्वाटेमालाच्या पर्यटन संस्थेचं, इंग्वातचं, ओळखपत्र आहे का? उत्तरं देताना जो चाचपडतो त्याचा दर कितीही कमी असला तरी दुसरा बघा.

आणि गाईड ‘नाही’ म्हणाला की वाद घालू नका. पुढे न्यायचे पैसे त्याला मिळतात, थांबवायचे नाही. तरी तो थांबवतोय याचा अर्थ समजून घ्या.

सॅक वाहायला माणूस किंवा घोडा मिळतो का?

मिळतो, ला सोलेदादलाच. त्यात कमीपणा वाटायचं कारण नाही. उंचीवर पाठ मोकळी असली की चढ निम्मा होतो, आणि गावातल्या घरात चार पैसे जातात. फक्त सामान आटोपशीर बांधा, दर आधी ठरवा, आणि पाणी, गरम जॅकेट, रेनकोट, औषधं स्वतःजवळच ठेवा. हमाल पुढे निघून जातो आणि पाऊस नेमका तेव्हाच गाठतो. वाटेच्या काही भागापर्यंत जीपनेही नेतात. गुडघ्यांचा त्रास असलेल्यांना ते सोयीचं, मात्र असं झटपट वर गेल्यावर उंचीचा त्रास व्हायची शक्यता वाढते.

सुरुवातीला गावातली मुलं लाकडी काठ्या भाड्याने देतात, थोड्याशा केत्सालांत (इथलं चलन). घ्याच. चढताना नको वाटेल, उतरताना तीच काठी हातातून सोडवणार नाही.

कोणत्या महिन्यात जावं?

नोव्हेंबर ते एप्रिल कोरडा काळ. आकाश स्वच्छ असायची शक्यता जास्त, पण डिसेंबर-जानेवारीची थंडी आणि वारा वर लिहिलाच आहे. मार्च-एप्रिलमध्ये रात्री थोड्या सुसह्य असतात, हवा मात्र धुरकट असू शकते. मे ते ऑक्टोबर पावसाळा. सकाळी ऊन, दुपारनंतर ढग आणि विजा असा साधारण दिनक्रम. त्या दिवसांत शक्य तितक्या लवकर चढायला लागा. उघड्या माथ्यावर विजांच्या वेळी थांबायचं नाही, हा नियम कुठल्याही सूर्योदयापेक्षा मोठा. माझी निवड विचाराल तर नोव्हेंबरचा उत्तरार्ध. पाऊस नुकताच सरलेला असतो, जंगल हिरवं, धूळ बसलेली.

पाणी आणि जेवणाचं काय?

डोंगरावर झरा नाही, टाकं नाही. प्रत्येकी चार लिटर पाणी खालून घ्या. त्यातलं थोडं रात्रीच्या स्वयंपाकाला आणि सकाळच्या कॉफीला द्यावं लागतं का, हे आधी विचारून ठेवा. पहाटेसाठी एक लिटर राखून ठेवा आणि बाटली तंबूच्या आत घ्या.

जेवण बहुतेक आयोजक देतात. भात किंवा पास्ता, काळ्या घेवड्याची उसळ, मक्याच्या तोर्तिया, वर गरम चॉकलेट. शाकाहारी असाल तर बुकिंगच्या वेळी सांगा आणि आदल्या दिवशी पुन्हा आठवण करा. वर पोचल्यावर सांगून उपयोग नाही. उंचीवर भूक मरते, म्हणून आपल्या जिभेला हमखास रुचेल असं काहीतरी खिशात असू द्या. गोड आणि खारट दोन्ही.

शौचालय असतं का? मासिक पाळी चालू असेल तर?

तळाजवळ आडोसा करून खड्ड्याची शौचालयं असतात. स्वच्छतेची अपेक्षा बेताची ठेवा. हेडटॉर्च, टिश्यू आणि हात निर्जंतुक करायची बाटली एका छोट्या पिशवीत एकत्र ठेवा, म्हणजे रात्री शोधाशोध होत नाही.

पाळी चालू असताना ट्रेक करायला काही हरकत नाही. नेहमी पोट दुखत असेल तर आपली नेहमीची गोळी बरोबर घ्या. वापरलेले पॅड घट्ट झाकणाच्या पिशवीत घालून खाली आणा, खड्ड्यात टाकू नका. बाकीचा कचराही तसाच खाली आणायचा.

गाईडशी बोलायचं कसं? स्पॅनिश येत नाही.

काही गाईड इंग्रजी बोलतात, बरेच नाही. तीन वाक्यं पाठ करा. ‘मे सिएन्तो माल’, मला बरं वाटत नाहीये. ‘मे दुएले ला काबेसा’, माझं डोकं दुखतंय. ‘तेंगो मुचो फ्रीओ’, मला फार थंडी वाजतेय. आणि चौथा शब्द ‘देस्पासिओ’, म्हणजे हळू. हे म्हणायला संकोच करू नका.

फोटोंसाठी काय तयारी करू?

रात्रीच्या फोटोला तिवई हवीच. शटर दहा-वीस सेकंद उघडं ठेवलं की दगडांच्या वाटा लाल रेषांसारख्या उमटतात. हात थरथरतात, तेव्हा दोन सेकंदांचा टायमर लावा. थंडीत बॅटऱ्या झपाट्याने उतरतात, म्हणून फोन आणि जादा बॅटरी स्लीपिंग बॅगेत अंगाजवळ ठेवा. राख बारीक आणि धारदार असते. लेन्स कापडाने घासू नका, आधी फुंकून किंवा ब्रशने झटका. डोळ्यांत लेन्स घालत असाल तर त्या रात्री चष्मा बरा.

पहाटे माथ्यावर जायलाच हवं का?

नको असेल तर नको. तळावरूनही सूर्योदय सुंदर दिसतो, आगुआ ज्वालामुखीचा रेखीव शंकू पूर्वेलाच आहे.

जायचं असेल तर चारच्या सुमाराला निघतात. तास-दीड तासाचा चढ, जवळजवळ सगळा घसारा. पुढच्याच्या पावलांच्या खुणांत पाय टाका. डाऊन जॅकेट घालून चढू नका, घाम येईल. ते सॅकमध्ये सगळ्यात वर ठेवा आणि माथ्यावर पाऊल पडताच अंगावर चढवा. माथा म्हणजे एक मोठी उथळ वाटी आहे, तिच्या काठावर वारा सरळ लागतो.

उजाडलं की पश्चिमेला आतित्लानचं पाणी, त्याच्या काठचे ज्वालामुखी, दक्षिणेला प्रशांत महासागराची पट्टी, पूर्वेला आगुआ आणि त्यापलीकडे धूर सोडणारा पाकाया. सगळे पूर्वेकडे बघत असतात तेव्हा एकदा पाठ फिरवा. आकातेनांगोची स्वतःची सावली पश्चिमेच्या धुक्यावर त्रिकोणासारखी पडलेली असते, आणि सूर्य वर येतो तशी ती आखूड होत जाते.

लहान मुलं, ज्येष्ठ, आजारी व्यक्ती?

हृदयाचा किंवा फुप्फुसांचा विकार, ताब्यात नसलेला रक्तदाब, गरोदरपण यांत डॉक्टरांच्या स्पष्ट परवानगीशिवाय नको. दम्याचा पंप खिशात हवा, सॅकच्या तळाशी नाही. साठी ओलांडलेले पण नियमित चालणारे लोक मी वर भेटलेत, आणि ते तरुणांपेक्षा शहाणपणाने चालत होते. लहान मुलांना न्यायची मात्र मी शिफारस करणार नाही. उंचीचा त्रास त्यांना सांगता येत नाही आणि थंडी त्यांना लवकर पकडते.

विमा लागतो का?

लागतो. पॉलिसीत किती मीटर उंचीपर्यंत ट्रेकिंग धरलं आहे ते शोधा. साध्या प्रवास विम्यात ही मर्यादा बऱ्याचदा आकातेनांगोच्या खालीच असते. चार हजार मीटरपर्यंतचं संरक्षण आणि डोंगरावरून खाली आणण्याचा खर्च, दोन्ही लेखी हवं.

वाटेत कुत्री मागे लागतात असं ऐकलं. घाबरायचं का?

ला सोलेदादची कुत्री ट्रेकर्सबरोबर तळापर्यंत येतात, रात्री तंबूला टेकून झोपतात आणि सकाळी पुन्हा कुणाच्या तरी सोबत खाली जातात. सहसा कुणाच्या वाटेला जात नाहीत. अनोळखी जनावर म्हणून थोडं अंतर ठेवा, आणि शिळंपाकं फेकण्यापेक्षा त्यांच्यासाठी खालून काहीतरी घेऊन जा. वर त्यांनाही थंडी वाजते.

उतरायला किती वेळ लागतो? त्याच दिवशी पुढचा प्रवास ठरवू का?

दोन ते तीन तास. नखं आधीच कापून ठेवा, नाहीतर बोटं बुटाच्या टोकावर आपटून काळीनिळी होतात. बुटांच्या नाड्या घोट्याशी घट्ट करा, गुडघे किंचित वाकवून लहान पावलं टाका. सुट्या मातीवर टाच आधी रोवा. बुटांत खडी शिरते, गेटर, म्हणजे घोट्यावरून बुटावर येणारी आवरणं, असतील तर उत्तम.

दुपारपर्यंत तुम्ही आंतिग्वात परत असता. त्या दिवशी विमान किंवा रात्रीची बस ठरवू नका. केस, कान, नाक सगळीकडून काळी राख निघते, दोनदा अंघोळ करूनही. आणि आंतिग्वातल्या बऱ्याच गच्च्यांवरून फुएगो दिसतो. संध्याकाळी एखादी गच्ची गाठा. त्या वेळी वर तळावर दुसरी माणसं पोचलेली असतील, आणि त्यांनी ओले कपडे बदलले असतील अशी आशा आहे.